गॅलिलिओचा बाप आणि आमची कानबाई

कानबाईला, म्हणजे आमच्या खानदेशातल्या देवीच्या सणाला, गावी गेलो होतो, अमळनेरकडे. रात्री जागरणाला मावशीने गाणं धरलं आणि तेवढ्यात गल्लीच्या तोंडाशी डीजे चालू झाला, म्हणजे मावशीचे ओठ हलताना दिसताहेत पण अहिराणीचा एक शब्द कानावर पडेल तर शपथ!

मला तिथंच व्हिन्चेन्झो गॅलिली आठवला. दुर्बिणवाल्या गॅलिलिओचा बाप, इटलीतल्या फ्लॉरेन्सचा, ल्यूट नावाचं तंतुवाद्य वाजवणारा. त्याची नेमकी हीच तक्रार होती, की चार-पाच गळे एकाच वेळी वेगवेगळ्या चाली आणि वेगवेगळे शब्द गातात, मग कवीने लिहिलेलं कळणार कुणाला? १५८१ च्या त्याच्या संवादरूपी ग्रंथात हे सगळं आहे. एक गळा, एक चाल, शब्द स्वच्छ. तो १५९१ ला गेला आणि पुढं १५९८ च्या सुमारास त्याच फ्लॉरेन्समधे पहिला ऑपेरा, म्हणजे गाऊन केलेलं नाटक, झाला, ‘दाफ्ने’. त्याचं बरंचसं संगीत हरवलंय, असो.

मला आवडतो तो त्याचा संगीतकारांना दिलेला सल्ला. नाटकं बघायला जाता ना, मग नुसते खिदळू नका, मालक नोकराशी कुठल्या पट्टीत बोलतो, चिडलेला माणूस कसा, प्रेमात पडलेला कसा, ते ऐका. आता आमच्या बाजारात उभं राहा. "कथा जाई राह्यना रे भो?" (कुठं चाललास रे भाऊ?) हे दोस्ताला विचारताना वेगळं आणि उधारी बुडवणाऱ्याला विचारताना वेगळं, शब्द तेच पण चाल पार बदलते. मावशीला हे कुणी शिकवलं नाही.

आणि हा माणूस नुसता पुस्तकी पंडित नव्हता हो. तारेला दुप्पट वजन टांगलं की वरचा सा लागतो असं शेकडो वर्षं सगळे एकमेकांचं वाचून लिहीत होते, याने खरंच वजनं टांगून बघितली तर चौपट लागतं! पंचमाला सव्वादोनपट.

मला राहवेना. दाराच्या कडीला सतारीची जुनी तार बांधली, खाली फळीची टेकण दिली म्हणजे लांबी तेवढीच राहील, आणि भाच्याच्या किराणा दुकानातली मापं आणली. एक किलोला सा धरला. दोन किलोला भलताच सूर. चार किलो टांगलं आणि लागला की वरचा सा, थोडा कणसुरा, पण तार पण गंजकी होती.

मावशी म्हणाली परत छेड. तिने त्याच सुरात कानबाईचं गाणं धरलं, भाचा बिचारा मापांसाठी दारात ताटकळत, दुकानात गिऱ्हाईक उभं.