मरून पाकिटं

रविवार, रात्री साडेदहा. परभणी.

पुतणीच्या लग्नाच्या पत्रिका छापून आल्या. पाकीट गडद मरून, वर सोनेरी गणपती. दिसायला देखणंच आहे, त्यात वाद नाही. पण पत्ते लिहायचं काम माझ्या गळ्यात. घरात अक्षर म्हणे माझंच बरं. निळ्या पेनानं पहिलं नाव लिहिलं आणि ते पाकिटातच विरलं. ट्यूबलाइटखाली तिरकं धरलं की अक्षरं चमकतात, सरळ धरलं की गायब. पोस्टमन काय एकेक पाकीट तिरकं धरून वाचत बसणार?

मग सोनेरी जेल पेन आणलं. ते लवकर वाळेना. एकावर एक ठेवली की खालचा पत्ता वरच्या पाकिटाच्या पाठीवर उलटा उमटलेला. शेवटी पांढऱ्या कागदाच्या चिठ्ठ्या कापल्या, काळ्या शाईनं पत्ते लिहिले आणि डिंकानं चिकटवल्या. पुतणीचं तोंड फुगलं. "काकू, सगळी शोभाच घालवली तुम्ही!" तिला म्हटलं, हातानं द्यायच्या पत्रिका तुझ्या शोभेच्या, टपालानं जायच्या माझ्या.

सासूबाईंचं दुखणं वेगळंच. चारी कोपऱ्यांना हळदी-कुंकू लावायला बसल्या, तर मरूनवर कुंकू दिसेचना, नुसती हळद. "असं अर्धवट पाकीट पाठवतेत व्हय कुणाला?" मग त्या पांढऱ्या चिठ्ठीच्या कोपऱ्यांना बोटं टेकवली तेव्हा कुठं समाधान झालं. त्यांच्या काळी कोपरा फाडलेलं कार्ड आलं की घरात रडारड सुरू, आणि कुंकवाचं बोट दिसलं की लग्न. वाचता न येणाऱ्यालाही दारातच कळायचं. पाकिटाच्या रंगाला मी एवढंच काम देईन, बाकी हौस.

पत्त्यांची वही जुनी, त्यात अजून औरंगाबाद आणि उस्मानाबाद. आता छत्रपती संभाजीनगर आणि धाराशिव लिहिलं. नावं बदलली तरी 431001 आणि 413501 तेच राहिले, हे बरं. पिनकोड 15 ऑगस्ट 1972 ला सुरू झाला; ती पद्धत बसवणारे श्रीराम भिकाजी वेलणकर संस्कृतचे पंडित होते. पाकीट कुठल्या वाटेला लावायचं ते पहिले तीन आकडे सांगतात. परभणी, नांदेड, बीड, जालना 431 मध्ये; लातूर आणि धाराशिव मात्र सोलापूरसारखे 413 मध्ये. लातूरच्या मावसजावेला हे सांगितलं तर म्हणाली, "म्हणजे आम्ही सोलापूरचे का?"

खेड्यातल्या पत्त्यांना गल्ली नाही, घर नंबर नाही. मु. पो., ता., जि., आणि नावापुढे 'गुरुजी' किंवा 'मारुतीच्या पाराजवळ'. तेवढं पुरतं.

रिबीन आणि मेणाची मोहोर टपालाच्या पाकिटांवरून काढायलाच लावली. साध्या पत्राला 20 ग्रॅमपर्यंत 5 रुपये, आणि ही पत्रिका मुळातच जाड पुठ्ठ्याची. तिकीट कमी पडलं तर जेवढं कमी त्याच्या दुप्पट घेणाऱ्याकडून वसूल. आत्याबाईंना लग्नाचं आवतण द्यायचं आणि वर दंडही त्यांनीच भरायचा, म्हणजे वर्षभराचा विषय झाला! उद्या प्रत्येक नमुना पोस्टात तोलून मगच तिकिटं लावायची.

पहिली पत्रिका माहूरला रेणुकामातेला. ती टपालानं नाही, दीर स्वतः घेऊन जाणार. तिला रिबीनसुद्धा ठेवली आहे.

जालन्याच्या यादीतले काहीजण म्हणाले, पीडीएफ पुरे. त्यांना पीडीएफच.