कैफियतीतल्या तांत्रिक हरकती: नाशिकच्या दिवाणी कोर्टातला माझा अनुभव

मखमलाबाद शिवारातल्या वडिलोपार्जित जमिनीच्या वाटपाचा दावा. वादी एक बहीण, प्रतिवादी दोन भाऊ. बहिणीतर्फे माझं वकीलपत्र दाखल झालं तेव्हा भावांची कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, आलेली होती आणि तिची पहिली दोन पानं नुसत्या हरकतींची. सत्यापन (मजकूर खरा असल्याची सहीनिशी ग्वाही) सदोष, कोर्ट फी अपुरी, चतुःसीमा चुकीच्या, धाकट्या बहिणीला सामील न केल्यामुळे नॉन-जॉइंडरचा (आवश्यक पक्षकार न जोडल्याचा) बाध, एक गट वगळला, दावा मुदतबाह्य. सोबत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 7 रूल 11 चा अर्ज: वादपत्र, म्हणजे बहिणीचा लेखी दावा, नामंजूर करा.

पक्षकार अशा पानांनी हबकतात. पण यातल्या बहुतेक हरकती दुरुस्तीने निकाली निघतात. त्यांच्यावर युक्तिवाद करत बसणं म्हणजे तारखा फुकट घालवणं. आधी दुरुस्ती, मग भांडण.

सत्यापनात कोणते परिच्छेद स्वतःच्या माहितीवरून आणि कोणते मिळालेल्या माहितीवरून खरे मानले, ते क्रमांकासह लिहावं लागतं. तारीख, ठिकाण आणि सही हवी. शिवाय 2002 पासून वादपत्रासोबत प्रतिज्ञापत्रही लागतं. इथे ‘वरील सर्व मजकूर खरा आहे’ एवढंच होतं. हा दोष दावा बुडवणारा नाही. उदय शंकर त्रियार प्रकरणात, (2006) 1 एससीसी 75, अपील मेमोवरच्या (अपिलाच्या अर्जावरच्या) सहीचा वाद होता. तेव्हा सुप्रीम कोर्टाने सांगितलं की असे दोष सुधारायची संधी द्यावी. मी नवं सत्यापन आणि प्रतिज्ञापत्र जोडून मोकळा झालो.

कोर्ट फीची हरकत तर मुळातच पोकळ होती. महाराष्ट्रात 1994 च्या अधिसूचनेनुसार मालमत्तेच्या वादात स्त्री पक्षकाराला कोर्ट फी माफ आहे. मात्र दाव्याचं मूल्यांकन लिहावंच लागतं, कारण दावा कनिष्ठ स्तर कोर्टात की वरिष्ठ स्तर कोर्टात हे त्यावर ठरतं. फी माफ म्हणून मूल्यांकनाचा परिच्छेदच गाळणारे लोक पाहिलेत.

चतुःसीमांचं प्रकरण थोडं किचकट. मिळकतीच्या वर्णनात दक्षिणेला ‘रस्ता’ लिहिलेलं, मोजणी नकाशात मात्र तिथे लगतचा गट. गट नंबर आणि क्षेत्र सात-बाऱ्याशी जुळत असेल तर मिळकत ओळखू येते, पण पुढे वाटपाचा हुकूम प्रत्यक्ष जमिनीवर बसवताना हीच चूक आडवी येते. म्हणून ती आत्ताच काढावी.

खरी धार होती नॉन-जॉइंडर आणि वगळलेल्या गटात. वाटपात प्रत्येक सहहिस्सेदार आवश्यक पक्षकार. ऑर्डर 1 रूल 9 सर्वसाधारण दोषांना माफ करतं, आवश्यक पक्षकार नसल्यास करत नाही. धाकटी बहीण ऑर्डर 1 रूल 10 खाली प्रतिवादी म्हणून आणली, वगळलेला गटही घातला. कोर्टाने वादाचे मुद्दे काढून पुरावा सुरू होण्याआधी हे केलं, म्हणून सोपं गेलं. त्यानंतर ऑर्डर 6 रूल 17 चं परंतुक (दुरुस्तीवरची अट) लागतं आणि योग्य ती दक्षता घेऊनही आधी हे का मांडता आलं नाही, ते पटवावं लागतं.

दुरुस्ती मंजूर झाली म्हणजे काम संपलं, असं नाही. हुकुमात मुदत दिली नसेल तर 14 दिवसांत ती मूळ वादपत्रात उतरवायची, लाल शाईने, आणि दुरुस्त प्रत समोरच्याला द्यायची. अर्ज मंजूर होऊनही वादपत्र जसंच्या तसं राहिलेले दावे कमी नाहीत. मुदत गेली तर वाढवून मागावी लागते, आणि विरोधी वकील तोच मुद्दा पकडून बसतात.

उरली मुदत. मुदत कायद्याच्या अनुच्छेद 110 प्रमाणे एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतून डावललेल्याला 12 वर्षं, पण डावलल्याचं कळल्यापासून. भावांचा भर जुन्या फेरफारावर. रूल 11 खाली मात्र फक्त वादपत्र आणि त्यासोबतचे कागद बघायचे, कैफियत नाही. ‘दाव्यास कारण’ या परिच्छेदात सात-बाऱ्याचा उतारा काढल्यावर नाव नसल्याचं कळलं, असं तारखेनिशी होतं. तो परिच्छेद मोघम असता तर अर्ज कदाचित टिकला असता. फेरफाराची नोटीस तिला मिळाली होती का, हा पुराव्याचा प्रश्न. त्यामुळे अर्ज फेटाळला गेला आणि मुदतीचा मुद्दा अंतिम सुनावणीसाठी राहिला.

अर्ज मंजूर झाला असता तर तो हुकूमनामा (डिक्री) ठरतो, त्यावर आम्हाला अपील होतं. फेटाळल्यावर भावांना संहितेच्या कलम 115 खाली हायकोर्टात रिव्हिजन (पुनरीक्षण अर्ज). ती दाखल झालीच. पण नुसत्या रिव्हिजनने खालचं काम थांबत नाही, स्थगिती लागते. पुढच्या तारखेला स्थगितीचा हुकूम समोर आला नाही, तेव्हा मुद्दे काढण्याचा अर्ज देऊन टाकला.