कलोसियमशेजारचं अर्धं मैदान

रोममधल्या कलोसियमच्या, त्या प्राचीन खेळांच्या प्रेक्षागाराच्या, कमानींवर कोरलेले रोमन आकडे अजून वाचता येतात. २३ ते ५४ एवढेच उरलेत. हे प्रेक्षकांच्या दारांचे नंबर. इ.स. ८० मध्ये सम्राट टायटसने शंभर दिवसांचे खेळ भरवून उद्घाटन केलं, तेव्हा याच दारांतून माणसं लोटली असतील.

आत पाय थबकतात ते उघड्या तळघरापाशी. त्यावर पूर्वी लाकडी फळ्या आणि फळ्यांवर वाळू होती. वाळूला लॅटिनमध्ये हारेना म्हणत, त्यावरूनच अरेना, म्हणजे लढतीचं मैदान. खालच्या अंधाऱ्या बोळांत माणसं रहाटासारखी यंत्रं फिरवायची, पिंजरा वर चढायचा आणि जनावर अचानक वाळूवर! हे तळघर टायटसच्या भावाने, डोमिशियनने बांधलं.

मला मात्र आतून हलवलं ते गटारांनी. तिथल्या उत्खननात पीचच्या बिया, अक्रोडाची टरफलं, कोंबडीची हाडं मिळालीत. समोर माणूस मरत होता आणि लोक खात बसले होते. कुणी संगमरवरावर ग्लॅडिएटरची, म्हणजे इथे लोकांपुढे लढणाऱ्या लढवय्यांची, चित्रं ओरखडून ठेवलीत, आवडत्या खेळाडूची काढावीत तशी. ती पाहताना मला त्या हाताचा राग येईना, आणि त्याचंच जास्त वाईट वाटलं.

बाहेर पोरं प्लास्टिकच्या तलवारी घेऊन फोटो काढत होती. सिनेमांमुळे आपल्याला वाटतं, दर लढतीत एक मुडदा पडायचाच. तसं नव्हतं. हातात काठी घेतलेला पंच असायचा, आणि हरलेल्याला जीवदानही मिळायचं. शिकवून तयार केलेला लढवय्या मालकाला महाग पडे. दयेला हिशेबाचीही जोड होती.

पूर्वेकडे रस्ता ओलांडला की लुडुस माग्नुस, ग्लॅडिएटरांची शाळा. १९३७ मध्ये सापडली. सरावाचं मैदान अर्धंच दिसतं, उरलेलं रस्त्याखाली आहे. कडेच्या भिंतींत राहायच्या खोल्या, अगदी चिमुकल्या. इथून कलोसियमपर्यंत भुयार होतं. आणि या सरावाच्या मैदानाभोवतीही प्रेक्षकांसाठी पायऱ्या! तालीमसुद्धा बघायला लोक यायचे.

कठड्याला टेकून मी बराच वेळ उभी होते. मागून ट्राम जात होत्या. सराव लाकडी तलवारीने चाले, आणि सुटका झालेल्या ग्लॅडिएटरलाही लाकडी तलवारच देत. उद्घाटनाच्या खेळांत प्रिस्कस आणि वेरस तोडीस तोड लढले, कुणीच हटेना. शेवटी दोघांनीही एकदमच हार कबूल केली. टायटसने दोघांनाही विजयी ठरवलं आणि दोघांच्याही हातात लाकडी तलवार दिली. कवी मार्शलने हे लिहून ठेवलंय.