सुरकुत्यांसाठी रेटिनॉल: किती टक्क्यांचे घ्यावे?

औषधनिर्माणशास्त्र शिकवण्यात माझी बरीच वर्षे गेल्यामुळे नात्यातल्या आणि ओळखीतल्या स्त्रिया क्रीमच्या ट्यूबचे आणि बाटल्यांचे फोटो पाठवून मला सल्ला विचारतात. अलीकडे त्यांतले बरेचसे फोटो रेटिनॉलचे असतात आणि प्रश्नही जवळजवळ ठरलेला असतो: ०.३ टक्क्यांचे घ्यावे, ०.५ चे घ्यावे, की थेट १ टक्क्याचे? विचारणारीचा कल बहुधा मोठ्या आकड्याकडे असतो, कारण पैसे खर्च करायचेच असतील तर जे सर्वांत गुणकारी असेल तेच घ्यावे, हा विचार कोणालाही सुचण्यासारखा आहे. माझे मत मात्र वेगळे आहे. सुरकुत्यांसाठी योग्य तीव्रता म्हणजे आपली त्वचा लाल न होता, न सोलवटता, वर्षभर सलग सहन करू शकेल ती; आणि आपल्या गव्हाळ-सावळ्या त्वचेच्या बाबतीत तर हा नियम अधिकच काटेकोरपणे पाळायला हवा.

रेटिनॉल हे अ जीवनसत्त्वाचेच एक रूप आहे, पण त्वचेच्या पेशींना ते जसेच्या तसे वापरता येत नाही. पेशींमधील विकरे (एन्झाइम) त्याचे आधी रेटिनाल्डिहाइडमध्ये आणि मग रेटिनॉइक आम्लात रूपांतर करतात, आणि पेशीकेंद्रातील ग्राहींना (रिसेप्टरना) चिकटून जनुकांचे काम बदलणे हे या शेवटच्या आम्लालाच साधते. ते साधले की बाह्यत्वचेतील पेशी लवकर बदलू लागतात, तिच्याखालच्या थरात त्वचेला घट्टपणा देणारे कोलेजन हे प्रथिन नव्याने तयार होऊ लागते आणि उन्हातील अतिनील किरणांमुळे वाढणारी, कोलेजन तोडणारी विकरे आटोक्यात राहतात. रूपांतराच्या या दोन पायऱ्यांवर रेटिनॉलचा पुष्कळ अंश खर्ची पडत असल्यामुळे ते सौम्य ठरते. ट्रेटिनॉइन हे औषध म्हणजे साक्षात रेटिनॉइक आम्ल, म्हणून त्याचे ०.०२५ टक्केही पुरेसे प्रभावी असतात. उलट अनेक स्वस्त क्रीममध्ये असणारे रेटिनिल पाल्मिटेट रेटिनॉलच्याही एक पायरी मागे असते आणि सुरकुत्यांवर त्याचा प्रभाव फारच क्षीण असतो. त्यामुळे दोन वेगवेगळ्या घटकांच्या टक्क्यांची तुलना करण्यात काही अर्थ नसतो, हे आधी लक्षात घ्यावे.

ट्रेटिनॉइनचा सुरकुत्यांशी संबंध जुळला तो मुरुमांच्या निमित्ताने. पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातील त्वचारोगतज्ज्ञ अल्बर्ट क्लिगमन यांनी मुरुमांसाठी ट्रेटिनॉइनचा वापर रूढ केला आणि १९७१ मध्ये अमेरिकेत त्यासाठी त्याला मान्यता मिळाली. वयाने थोड्या मोठ्या असलेल्या स्त्रिया मुरुमांबरोबरच चेहरा नितळ झाल्याचे सांगू लागल्या, त्यावरून पुढचे संशोधन सुरू झाले. उन्हाने जुनाट झालेल्या त्वचेवर ट्रेटिनॉइनचा परिणाम दाखवणारा क्लिगमन यांचा निबंध १९८६ मध्ये आला, आणि १९९५ मध्ये बारीक सुरकुत्यांसाठी ०.०५ टक्क्यांच्या ट्रेटिनॉइन क्रीमला अमेरिकेत परवानगी मिळाली.

त्याच १९९५ साली प्रसिद्ध झालेला एक अभ्यास तीव्रतेच्या प्रश्नावर मला सर्वांत बोलका वाटतो. त्यात उन्हाने जुनाट झालेल्या त्वचेवर ०.१ टक्के आणि ०.०२५ टक्के अशा दोन तीव्रतांचे ट्रेटिनॉइन आणि औषधाविना असलेले नुसते क्रीम ४८ आठवडे लावून पाहिले होते. औषध असलेल्या दोन्ही गटांत त्वचा सुधारली, पण चौपट तीव्रतेच्या गटातील सुधारणा कमी तीव्रतेच्या गटापेक्षा लक्षणीय अधिक नव्हती. जळजळ आणि लाली मात्र ०.१ टक्क्याच्या गटात स्पष्टपणे जास्त होती. एका पातळीनंतर तीव्रता वाढवली की त्रास वाढत जातो आणि लाभ त्या प्रमाणात वाढत नाही, हे यावरून दिसते. हा अभ्यास ट्रेटिनॉइनचा होता हे खरे, तरी रेटिनॉलही त्वचेत जाऊन त्याच आम्लाच्या रूपाने काम करत असल्यामुळे मला तो येथे लागू वाटतो.

खुद्द रेटिनॉलविषयी २००७ मध्ये मिशिगन विद्यापीठातून आलेला अभ्यास वाचनीय आहे. त्यात सहभागी झालेल्या ३६ वृद्धांचे सरासरी वय ८७ वर्षे होते. त्यांच्या एका दंडाच्या आतल्या बाजूस ०.४ टक्के रेटिनॉलचे लोशन आणि दुसऱ्या दंडावर रेटिनॉलविना तेच लोशन, आठवड्यातून जास्तीत जास्त तीनदा, असे २४ आठवडे लावले गेले. रेटिनॉलच्या बाजूच्या बारीक सुरकुत्या कमी झाल्या आणि त्वचेच्या तुकड्यांच्या तपासणीत कोलेजनची निर्मिती वाढलेली आढळली. ऐंशी ओलांडलेली त्वचा अर्ध्या टक्क्याहून कमी रेटिनॉलला, तेही आठवड्यातून तीनदाच लावून, प्रतिसाद देत असेल, तर पन्नाशीत १ टक्क्यावर उडी मारण्याची घाई कशासाठी करावी?

आता आपल्या त्वचेविषयी. त्वचा जुनाट होण्यासंबंधीचे सुरुवातीचे बहुतांश अभ्यास गोऱ्या त्वचेच्या लोकांवर झाले. आपल्याकडे त्वचेला रंग देणारे मेलॅनिन जास्त असल्यामुळे सुरकुत्या त्यांच्यापेक्षा उशिरा येतात, पण काळे डाग आणि वांग मात्र लवकर आणि ठळकपणे दिसतात. गव्हाळ किंवा सावळ्या त्वचेला कोणताही दाह झाला की तो ओसरल्यावर तेथे काळपट डाग राहतो आणि तो जायला कित्येक महिने लागतात. तीव्र रेटिनॉलने गालाची किंवा ओठांच्या कडेची त्वचा सोलली गेली, तर गोऱ्या त्वचेवरची लाली आठवडाभरात निवते, आपल्या त्वचेवर मात्र तिची खूण मागे राहते. योग्य प्रमाणात आणि धीराने वापरले असता रेटिनॉइड, म्हणजे रेटिनॉल, ट्रेटिनॉइन यांसारखे अ जीवनसत्त्वाच्या कुळातले घटक, हेच डाग फिके करण्यासही मदत करतात. म्हणून या बाबतीत थोडे कमी घेण्यात नुकसान फारसे नाही. जास्त घेण्यात मात्र आहे.

प्रत्यक्ष आकड्यांवर येते. ज्यांनी हा घटक कधीच लावलेला नाही, ज्यांची त्वचा कोरडी किंवा हुळहुळी आहे आणि रजोनिवृत्तीनंतर जिचा कोरडेपणा वाढला आहे, त्यांनी ०.१ टक्क्यापासून सुरुवात करावी. इस्ट्रोजेन घटल्यावर त्वचेतील कोलेजन आणि स्निग्धता दोन्ही झपाट्याने कमी होतात. म्हणजे ज्या वयात या उपचाराची गरज सर्वाधिक भासते, त्याच वयात तो सोसण्याची ताकद कमी झालेली असते. तेलकट, दणकट त्वचा असलेल्यांनी ०.२ किंवा ०.३ टक्क्यांपासून आरंभ करायला हरकत नाही. ०.५ टक्के हा माझ्या मते बहुतेकींचा शेवटचा मुक्काम असावा. १ टक्क्याचे रेटिनॉल मी आपणहून कोणालाही सुचवत नाही. युरोपीय संघाने तर चेहऱ्यावरच्या प्रसाधनांत रेटिनॉलची मर्यादा ०.३ टक्के ठरवली असून नोव्हेंबर २०२५ पासून बाजारात येणाऱ्या नव्या उत्पादनांना ती लागू आहे. ही मर्यादा शरीरात सर्व मार्गांनी जाणाऱ्या एकूण अ जीवनसत्त्वाचा विचार करून घातलेली आहे, दाहाच्या कारणाने नव्हे, तरीही ०.३ टक्के हा आकडा किरकोळ नाही, एवढे तिच्यावरून ध्यानात यावे.

वेष्टनावरचा आकडा वाचताना सावध राहावे लागते. ‘ग्रॅनअ‍ॅक्टिव्ह रेटिनॉइड २ टक्के’ असे लिहिलेले सीरम पाहून ते रेटिनॉलपेक्षा तीव्र असेल असे वाटते. वस्तुतः ग्रॅनअ‍ॅक्टिव्ह रेटिनॉइड हे १० टक्क्यांचे द्रावण असते, त्यामुळे त्यातला क्रियाशील घटक प्रत्यक्षात ०.२ टक्के भरतो, आणि तो घटकही रेटिनॉल नसून हायड्रॉक्सीपिनाकोलोन रेटिनोएट हा वेगळा रेणू असतो. ‘रेटिनॉल कॉम्प्लेक्स’ किंवा ‘रेटिनॉल ब्लेंड’ यांच्यापुढचा आकडाही संपूर्ण मिश्रणाचा असू शकतो. शुद्ध रेटिनॉल किती, हे स्पष्ट लिहिलेले नसेल तर ते उत्पादन मी बाजूला ठेवते. डब्याचेही महत्त्व तेवढेच आहे, कारण रेटिनॉल हवा, उजेड आणि उष्णता यांनी झपाट्याने नासते. रुंद तोंडाच्या बरणीतले किंवा पारदर्शक बाटलीतले ०.५ टक्के रेटिनॉल दोन महिन्यांनी किती उरले असेल याचा भरवसा नसतो. त्यापेक्षा ॲल्युमिनियमच्या ट्यूबमधले किंवा हवाबंद पंपातले ०.२ टक्के चांगले. विदर्भ-मराठवाड्यात राहणाऱ्यांनी एप्रिल-मे महिन्यांत ते कुरिअरने मागवणे शक्यतो टाळावे, आणि घरीही स्नानगृहाच्या फळीवर न ठेवता थंड, अंधाऱ्या कपाटात ठेवावे.

आयुर्वेदाच्या ओढीने काहीजणी बाकुचिओलविषयी विचारतात. हा घटक आपल्या बावचीच्या बियांपासून मिळतो. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका छोट्या, बारा आठवड्यांच्या अभ्यासात ०.५ टक्के बाकुचिओल दिवसातून दोनदा आणि ०.५ टक्के रेटिनॉल एकदा लावून पाहिले असता सुरकुत्यांतला फरक जवळपास सारखा आढळला, आणि सोलवटणे व चरचरणे रेटिनॉलच्या गटात अधिक होते. ज्यांना ०.१ टक्का रेटिनॉलही सोसत नाही, त्यांनी शुद्ध बाकुचिओल अवश्य वापरून पाहावे. परंतु त्याऐवजी बावचीचे कच्चे तेल चेहऱ्याला मुळीच चोळू नये. त्यात सोरालेन असते आणि ते लावून उन्हात गेल्यास त्वचा अक्षरशः भाजते.

तीव्रता कितीही निवडली तरी ती सोसणे पुष्कळसे लावण्याच्या पद्धतीवर अवलंबून असते. पहिले तीन-चार आठवडे आठवड्यातून दोनच रात्री, चेहरा धुऊन पूर्ण कोरडा झाल्यावर, संपूर्ण चेहऱ्याला मिळून मटारच्या दाण्याएवढे क्रीम पुरते. त्वचा हुळहुळी असेल तर आधी साधे मॉइश्चरायझर, मग रेटिनॉल आणि वर पुन्हा मॉइश्चरायझर असे थर द्यावेत. डोळ्यांच्या कडा, नाकपुड्यांचे कोपरे आणि ओठांच्या कडा वगळाव्यात. गळ्याची त्वचा पातळ असते, तेथे चेहऱ्याला सवय झाल्यावरच जावे. थोडा कोरडेपणा आणि किंचित कोंडा सुटणे अपेक्षित आहे, पण आग होत असेल तर थांबून त्वचा पूर्ववत होऊ द्यावी. पार्लरमध्ये जाणाऱ्यांना एक गोष्ट आवर्जून सांगते: वरच्या ओठाचे किंवा चेहऱ्याचे वॅक्सिंग करायचे असेल तर निदान आठवडाभर आधी रेटिनॉल बंद ठेवावे, नाहीतर मेणाबरोबर त्वचेचा वरचा थर निघून येतो. ब्लीच आणि थ्रेडिंगच्या आधीही काही दिवस ते बंदच असावे. लिंबू घातलेली उटणी आणि ग्लायकॉलिक आम्लाची सीरमे त्याच रात्री लावू नयेत. सकाळी एसपीएफ ३० किंवा त्याहून अधिकचे सनस्क्रीन लावणे जमणार नसेल तर रेटिनॉलवर पैसे घालवूच नयेत, असे मी स्पष्ट सांगते. रात्री घडलेले कोलेजन दिवसा उन्हात मोडत राहिले तर हाती काही लागत नाही.

गरोदर असलेल्या, गर्भधारणेचा विचार करणाऱ्या किंवा अंगावर पाजणाऱ्या स्त्रियांनी कोणत्याही तीव्रतेचे रेटिनॉइड लावू नये. याबाबत तडजोड नको.

मेडिकलच्या दुकानांत चेहरा उजळवण्यासाठी म्हणून सर्रास मागितल्या जाणाऱ्या तीन औषधांच्या मिश्र क्रीमबद्दलही लिहायलाच हवे. त्यांत हायड्रोक्विनोन, ट्रेटिनॉइन आणि स्टेरॉइड एकत्र असतात आणि वांगावर डॉक्टरांच्या देखरेखीखाली ती मोजके दिवस वापरायची असतात. ‘यातही रेटिनॉइड आहेच’ असे समजून सुरकुत्यांसाठी ती महिनोन्‌महिने लावल्यास स्टेरॉइडमुळे त्वचा पातळ होते, केशवाहिन्या दिसू लागतात, चेहऱ्यावर लव वाढते आणि क्रीम थांबवताच लालीचा भडका उडतो. शेजारणीला गुण आला म्हणून आणलेली अशी ट्यूब घरात असेल तर तिच्यावरचे घटक आजच वाचून पाहावेत.

तीव्रता वाढवण्याचा निर्णय घाईने घेऊ नये. सुरकुत्यांतला फरक दिसायला निदान १२ आठवडे लागतात आणि खरा अंदाज सहा महिन्यांनी येतो. म्हणून सुरुवातीला आणि मग दर तीन महिन्यांनी एकाच खिडकीशी, एकाच वेळी, चेहऱ्यावर काही न लावता फोटो काढून ठेवावेत. एक रात्राआड लावूनही त्वचा शांत राहत असेल आणि ट्यूब संपत आली असेल, तेव्हा ०.१ वरून ०.३ वर आणि पुढे हवेच असेल तर ०.५ वर जावे. नवी ट्यूब उघडली की पुन्हा आठवड्यातून दोन रात्रींपासून आरंभ करावा. भुवयांमधल्या किंवा कपाळावरच्या, स्नायूंच्या हालचालीने पडलेल्या खोल घड्या यातून जाणार नाहीत, हे आधीच ठाऊक असलेले बरे. ०.५ टक्के सहा महिने नियमाने लावूनही बारीक सुरकुत्यांत समाधानकारक फरक दिसला नाही, तर १ टक्क्याची बाटली मागवण्याऐवजी ते फोटो घेऊन त्वचारोगतज्ज्ञांकडे जावे आणि ०.०२५ टक्के ट्रेटिनॉइन आपल्याला चालेल का, हे विचारावे.