कोट्टयमची साप्ताहिकं

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. ‘मल्याळममध्ये वैक्कम मुहम्मद बशीर, एम. टी. वासुदेवन नायर यांच्यासारखे मोठे साहित्यिक आहेत, मग तुम्ही त्या पैंकिळी, म्हणजे भावुक, लोकप्रिय प्रेमकथांच्या कादंबऱ्यांचं एवढं कौतुक का करता?’ हा प्रश्न मला वरचेवर ऐकावा लागतो.

कौतुक करतो, कारण केरळातला घराघरातला वाचक याच कादंबऱ्यांनी घडवला, असं मला मनापासून वाटतं. लोकप्रिय कादंबरीकार मुट्टत्तु वर्कींची ‘पाडात्त पैंकिळी’ ही कादंबरी १९५५ची. गरीब घरची मुलगी, श्रीमंत घरचा मुलगा, मध्य त्रावणकोरमधली ख्रिस्ती कुटुंबं. भाषा इतकी सोपी, की नुकती अक्षरओळख झालेल्यानंही अडखळू नये. समीक्षकांनी तिच्या नावातलाच ‘पैंकिळी’ उचलून अशा सगळ्या लेखनावर शिक्का मारला. त्या शिक्क्याचा मला राग येतो.

मग आली केरळातल्या कोट्टयम शहराची साप्ताहिकं. ‘मनोरमा’, ‘मंगळम’, ‘मनोराज्यम’. एका अंकात अनेक क्रमशः कादंबऱ्या आणि प्रत्येक प्रकरण नेमकं अशा जागी तोडलेलं, की पुढच्या अंकाची वाट पाहावीच लागावी. १९८०च्या दशकात ‘मंगळम’चा खप १५ लाखांच्या पुढे गेला. एक अंक घरात आणि शेजारीपाजारी फिरायचा, म्हणजे वाचणारे त्याहून कितीतरी जास्त. ‘मनोरमा’ साप्ताहिकात टॉम्स यांची ‘बोबनुम मोळियुम’ ही चित्रमालिका शेवटच्या पानावर असायची, त्यामुळे लोक अंक मागूनच उघडायचे.

आणि गुप्तहेरकथा लिहिणारे कोट्टयम पुष्पनाथ! इतिहासाचे शिक्षक. त्यांचे गुप्तहेर मार्क्सिन आणि पुष्पराज. मार्क्सिनच्या कथा तर थेट परदेशात घडणाऱ्या. आपल्याकडे बाबूराव अर्नाळकरांच्या ‘झुंजार’वर लोक तुटून पडत, तसंच तिथं होतं. नाकं मुरडणारेही दोन्हीकडे सारखेच.

बसस्टँडवर लपवून विकली जाणारी ‘कोच्चुपुस्तकं’, म्हणजे निव्वळ कामुक पुस्तिका, हा वेगळा धंदा. त्यांना आणि वर्कींना एकाच टोपलीत टाकणं अन्यायाचं आहे.

१९८९मध्ये कोट्टयम हे देशातलं पहिलं संपूर्ण साक्षर शहर ठरलं. साक्षरतेचं श्रेय चळवळीला आणि शाळांना आहेच. पण शिकलेली अक्षरं रोज वापरात राहायला घरात हवंहवंसं काही वाचायला लागतं, आणि ते या साप्ताहिकांनी पुरवलं. पुढे टीव्हीवरच्या मालिकांनी तोच वाचक ओढून नेला.

वर्कींच्या नावाचा पुरस्कार १९९२मध्ये सुरू झाला. पहिला मिळाला कादंबरीकार ओ. व्ही. विजयन यांना, आणि पुढच्या मानकऱ्यांत तुम्ही मला ऐकवता ते बशीर आणि एम. टी. दोघंही आहेत.