ब्रिस्टलच्या गोदीतली ‘हेनबरी’ आणि ‘पोर्टबरी’: दोन दिवसांचा वृत्तांत

लंडनच्या पॅडिंग्टन स्थानकावरून ब्रिस्टल टेंपल मीड्सला पोहोचायला पावणेदोन तासांच्या आसपास लागतात आणि तिथून जुन्या गोदीपर्यंत चालत जायला वीस मिनिटे पुरतात. मी पहिल्यांदा गेलो तो दिवस गुरुवार होता आणि तिथेच माझे गणित चुकले. एम शेड हे संग्रहालय उघडे होते, प्रवेशही विनामूल्य होता, परंतु ज्या दोन इंजिनांसाठी मी आलो होतो ती थंडगार पडून होती. वाफेची गाडी येथे ठरावीक शनिवार-रविवारीच धावते आणि तीही सगळ्याच आठवड्यांत नाही. त्यामुळे ज्यांना जायचे असेल त्यांनी आधी संग्रहालयाने जाहीर केलेल्या तारखा पाहून मगच रेल्वेचे आरक्षण करावे. मी शनिवारी पुन्हा गेलो. संग्रहालय सोमवारी बहुधा बंद असते, हेही लक्षात ठेवावे.

‘पोर्टबरी’ हे इंजिन 1917 साली एव्हनसाइड कंपनीने युद्धकाळात सरकारच्या जलमार्ग व गोदी विभागासाठी बांधले. ‘हेनबरी’ 1937 सालचे, पेकेट कंपनीचे. दोन्ही कारखाने ब्रिस्टलमधलेच आणि दोन्ही इंजिनांनी आयुष्याचा बहुतेक काळ काम केले तेही इथून काही मैलांवर, नदीच्या मुखाशी असलेल्या एव्हनमथच्या गोदीत. तिथले वाफेचे शंटिंग, म्हणजे वाघिणी इकडून तिकडे हलवण्याचे काम, 1964 मध्ये संपले. घराजवळ जन्मून घराजवळच म्हातारी झालेली इंजिने एरवी फारशी सापडत नाहीत, कारण ब्रिस्टलची असली इंजिने बोटींत चढून जगभर गेली.

शनिवारी सकाळी ‘हेनबरी’ वाफेवर होते. आपल्याकडच्या 1,676 मिलिमीटरच्या रुळांवरची अगडबंब इंजिने पाहिलेल्या माणसाला 1,435 मिलिमीटरच्या रुळांवरचे हे सहा चाकांचे इंजिन प्रथमदर्शनी खेळण्यासारखे वाटते, पण जवळ उभे राहिल्यावर तो भ्रम फिटतो. पाण्याची टाकी बॉयलरवर खोगिरासारखी दोन्ही बाजूंना उतरलेली असते, म्हणून या प्रकाराला सॅडल टँक म्हणतात. ही रचना केवळ जागा वाचवण्यासाठी नाही. मागे टेंडर, म्हणजे कोळसा-पाण्याचा वेगळा डबा, जोडायचा म्हटला तर इंजिन लांब होते आणि गोदीच्या तीव्र वळणांवर अडते; उलट दिशेला जाताना ड्रायव्हरची दृष्टीही अडते. शिवाय पाण्याचे आणि कोळशाचे सगळे वजन चालत्या चाकांवरच पडत असल्याने, दहा-वीस भरलेल्या वाघिणी जागच्या हलवताना चाके घसरत नाहीत. तोटाही आहेच. बॉयलरच्या उबेने टाकीतले पाणी तापते, आणि पाणी फार तापले की ते बॉयलरमध्ये ढकलणारे इंजेक्टर नीट काम करीत नाहीत.

आणखी तीव्र वळणांसाठी चारच चाकांची इंजिने असत. लँकेशायर अँड यॉर्कशायर रेल्वेने हॉर्विचच्या कारखान्यात 1891 ते 1910 या काळात अशी 57 इंजिने बांधली. ‘पग’ या नावाने ती ओळखली जातात आणि लिव्हरपूल, गूल यांसारख्या बंदरांत ती वावरत. साउदॅम्प्टनच्या गोदीत विल्यम ॲडम्स या अभियंत्याने आखलेल्या बी-4 वर्गाची इंजिने होती; दुसऱ्या महायुद्धानंतर त्यांची जागा अमेरिकन सैन्याच्या शिल्लक इंजिनांनी घेतली आणि 1962 साली डिझेलने. जिथे कापूस, दारूगोळा यांसारखा माल पेट घेण्याची भीती होती, तिथे आगच नसलेले इंजिन वापरीत. बाहेरच्या बॉयलरमधून त्यात गरम पाणी आणि वाफ भरून दिली की ते काही तास काम करी. या सगळ्यांत मला खोगिरवाले इंजिनच सर्वांत शहाणे वाटते, कारण ते दुसऱ्या कशावर अवलंबून नसते.

गाडी सुटण्यापूर्वीची एक गोष्ट आवर्जून पाहावी. शंटर हातात लांब काठी घेऊन येतो. तिच्या टोकाला वळलेला लोखंडी आकडा असतो. वाघिणीच्या साखळीच्या तीन जाड कड्या असतात. तो काठीचा मध्य बफरवर, म्हणजे वाघिणीच्या टोकाच्या धक्का झेलणाऱ्या दांड्यावर, टेकवतो, आकडा शेवटच्या कडीत अडकवतो, आणि एका झटक्याने कडी उडवून समोरच्या हुकात बसवतो. दोन वाघिणींच्या मध्ये शिरावे लागत नाही. मी पाहिले तेव्हा पहिली उडी हुकली, दुसरी बसली. गोदीत दिवसभर हेच काम असे: तीन वाघिणी इकडे, पाच तिकडे, मग पंचेचाळीस मिनिटे नुसते थांबणे. आणि थांबलेल्या वाफेच्या इंजिनालाही कोळसा लागतो, ड्रायव्हर आणि फायरमन असे दोघे लागतात. डिझेलने ते हरवले ते इथे. ओढण्याच्या ताकदीत नव्हे.

प्रवासी उघड्या वाघिणीत आणि मागच्या ब्रेकव्हॅनमध्ये, म्हणजे गार्डच्या डब्यात, बसतात. फेरी छोटी, वेग माणसाच्या चालीपेक्षा थोडासाच जास्त. 2020 च्या जानेवारीत कंबरलँड रोडजवळची नदीकाठची भिंत कोसळल्यापासून मार्गाच्या लांबीत बदल होत आले आहेत, म्हणून त्या दिवशी गाडी कुठपर्यंत जाणार हे तिकीट घेतानाच विचारावे. पांढरे कपडे घालू नयेत. मी घातले होते. उघड्या वाघिणीत कोळशाचे कण डोळ्यांत जातात, त्यामुळे लहान मुलांना ब्रेकव्हॅनमध्ये बसवणे बरे.

हा लोहमार्ग 1872 चा. ग्रेट वेस्टर्न आणि ब्रिस्टल अँड एक्सेटर या दोन कंपन्यांनी तो मिळून घातला आणि टेंपल मीड्सहून गोदीपर्यंत येण्यासाठी सेंट मेरी रेडक्लिफ या चर्चच्या दफनभूमीखालून 282 यार्डांचा बोगदा खणला. तो भाग 1964 मध्ये बंद पडला, तरी पश्चिमेकडून कोळसा येतच राहिला आणि 1987 पर्यंत मालवाहतूक टिकली. शहराची गोदी मात्र 1975 मध्येच मोठ्या जहाजांना बंद झाली होती. मुंबई पोर्ट ट्रस्टची रेल्वे 1915 मध्ये सुरू झाली; आपल्या बंदरातल्या जुन्या इंजिनांपैकी एखादे असेच भाऊच्या धक्क्याजवळ वाफेवर उभे करता आले असते, असे मनात आल्याशिवाय राहिले नाही.

एम शेडसमोरच्या चार विजेच्या याऱ्या 1951 च्या आहेत आणि लगेच नजरेत भरतात, परंतु थोडे पश्चिमेला चालून 1878 ची वाफेची फेअरबेर्न यारी पाहिल्याशिवाय परतू नये. ती 35 टन उचलण्यासाठी बांधली गेली. तिची वाकडी मान लोखंडी पत्रे रिव्हेटने जोडून केलेली, आतून पोकळ आहे, म्हणून ती जहाजाच्या काठावरून आत वाकून माल उचलू शके.

दुपारी पाय चालत असतील तर कंबरलँड रोडने पश्चिमेला ॲश्टन अव्हेन्यूच्या पुलापर्यंत जावे. 1906 सालच्या या फिरत्या पुलाला दोन मजले होते. वरून रस्ता आणि खालून रेल्वे. वरचा मजला 1965 मध्ये काढला. रुळांच्या जागेवरून आता मेट्रोबस आणि पादचारी जातात. एम-2 ही बस याच पुलावरून शहराच्या मध्यभागी येते, आणि मी तिनेच परतलो.