हशा काढून टाकता येत नाही

न्यू जर्सीतल्या ज्या प्रयोगशाळेत मी जुन्या फिल्मचे आवाज दुरुस्त करते, तिथे एका संग्राहकाने ‘युअर शो ऑफ शोज’च्या एका भागाची १६ मिमी फिल्म पाठवली. न्यूयॉर्कहून एनबीसी या अमेरिकी दूरचित्रवाणी वाहिनीवर दर शनिवारी रात्री दीड तास थेट दाखवला जाणारा हा विविधरंजनाचा कार्यक्रम १९५० ते १९५४ या काळात चालला. चुंबकीय चित्रफीत प्रक्षेपणात आली ती १९५६ साली. तोवर थेट कार्यक्रम जपायचा तर मॉनिटरच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावावा लागे.

संग्राहकाला खरखर काढून संवाद स्वच्छ हवे होते. त्या फिल्मवर कार्यक्रमाचे मुख्य विनोदी नट सिड सीझर आणि इमोजीन कोका यांचे हिकनलूपर दांपत्याचे प्रहसन होते: बायकोने गाडी ठोकली आहे आणि नवऱ्याला ते कळू नये म्हणून तिची धडपड चालली आहे. संवाद वेगळे काढणाऱ्या सॉफ्टवेअरने खरखरीबरोबर प्रेक्षकांचा हशाही दाबून टाकला. शब्द लख्ख ऐकू येऊ लागले आणि प्रहसनातला जीव गेला. कोका वाक्य अर्ध्यावर सोडते, सीझर तिच्याकडे नुसता बघत राहतो, आणि त्या थांबण्याला काही कारणच उरत नाही.

हे थांबे नटांइतकेच लेखकांचेही आहेत, असे माझे ठाम मत आहे. मेल टॉल्किन आणि ल्युसिल कॅलन हे कार्यक्रमाचे दोघे लेखक पेनसिल्व्हेनियातल्या टॅमिमेंट या विश्रामस्थळी निर्माते मॅक्स लिबमन यांच्यासाठी उन्हाळाभर दर आठवड्याला नवे प्रयोग लिहून तयार झाले होते, आणि समोर बसलेला प्रेक्षक नेमका कुठे हसेल व किती वेळ हसेल, याचा अंदाज घेत लिहिणे ही त्यांची रोजची सवय होती. दूरचित्रवाणीवर आल्यावरही तोच आठवड्याचा फेरा राहिला. शनिवारचा कार्यक्रम संपला की पुढच्या शनिवारसाठी पुन्हा कोरा कागद. लेखकांच्या त्या आरडाओरड्याच्या खोलीत कॅलन बराच काळ एकटीच स्त्री होती, आणि आपले म्हणणे ऐकले जावे म्हणून तिला उभे राहून लाल स्वेटर हलवावा लागे. हिकनलूपर प्रहसनांतली बायको केवळ थट्टेचा विषय न राहता विचार करणारी, घाबरणारी, मार्ग काढणारी माणूस वाटते, यात तिचा वाटा मोठा आहे. पुढे तिने रहस्यकथाही लिहिल्या, पण मला तिची खरी पकड या लहान प्रहसनांतच दिसते.

मी ते काम पुन्हा पहिल्यापासून हाती घेतले. ध्वनीच्या आलेखावर प्रत्येक हशाची सुरुवात आणि शेवट हाताने खुणावला, तेवढे तुकडे सॉफ्टवेअरपासून राखून ठेवले आणि फक्त त्यांच्यामागची सततची खरखर कमी केली. खालचा एक जाड गुणगुणाट राहिलाच, कारण तो काढू गेल्यास हसणाऱ्या पुरुषांचे आवाज पातळ होत होते. मग संग्राहकाला दोन्ही प्रती एकामागून एक ऐकवल्या. पहिली ऐकताना तो गप्प होता. दुसरीत, गाडीचे नाव निघताच कोका ज्या तऱ्हेने विषय बदलते, तिथे तो मोठ्याने हसला आणि तीच प्रत कायम करायला त्याने सांगितले. उरलेल्या फिल्मही याच पद्धतीने करायच्या, असे त्याच्याशी ठरले.